गिळलेला नकार

माणसाच्या इतिहासात खरी लोकशाही अवतरली ती बारा जून २०४१ रोजी, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी. असं सहकारमंत्री म्हणाले आणि टाळ्या पडल्या. त्या क्षणापासून राज्यातल्या कुठल्याही सहकारी संस्थेत पदाधिकारी निवडताना ओळखीखातर, दडपणाखाली किंवा निव्वळ भिडेपोटी दिलेलं मत चालणार नव्हतं. अंतःकरणातलं खरं 'हो' आता यंत्र ओळखणार होतं. "यापुढे," मंत्री म्हणाले, "माणूस आणि त्याचं मत यांच्या मध्ये कोणीही उभं राहू शकणार नाही."

त्याच दिवशी, त्याच सुमारास, सांगलीतल्या एकोपा सहकारी गृहनिर्माण संस्थेची लिफ्ट पहिल्या आणि दुसऱ्या मजल्याच्या मध्ये उभी राहिली. आत चौगुलेबाई आणि दीड किलो गवार.

चौगुलेबाई पाऊण तासात बाहेर आल्या. गवारही आली. लिफ्ट मात्र अकरा आठवडे झाले तरी बंदच. तिचा दोर नवा आला होता, मिस्त्रीनं तो बसवलाही होता. पण तपासनिसानं लावलेलं सील काढायला संस्थेच्या सचिवाची सही लागते, आणि एकोपाला सचिव नव्हता. माणसं होती, चोवीस फ्लॅट भरून होती. सचिव नव्हता.

विलास तगारे हे मावळते सचिव. मृदा तपासणी प्रयोगशाळेतून निवृत्त झालेले, वय एकोणसत्तर, मुक्काम सहावा मजला. मुदत संपल्यामुळे त्यांच्या सहीला आता किराणा मालाच्या पावतीइतकीही किंमत नव्हती. त्यांच्या बायकोची, शैलाताईंची, दोन्ही मूत्रपिंडं थकली होती. मंगळवार, गुरुवार, शनिवार डायलिसिस. म्हणजे आठवड्यातून तीनदा सहा मजले खाली आणि तीनदा सहा मजले वर, प्लास्टिकच्या खुर्चीत बसून. खुर्चीला चार माणसं लागत: वॉचमन शिवाप्पा, समोरचा इस्त्रीवाला आणि तिसऱ्या मजल्यावरचे दोघे इंजिनिअर भाऊ. तगारे औषधांची पिशवी घेऊन मागून चालत आणि प्रत्येक वळणावर "सांभाळून" म्हणत. चौघंही "काही त्रास नाही काका" म्हणत. अकराव्या आठवड्यात थोरल्या भावाच्या कमरेला पट्टा आला. तरी तो तेच म्हणाला.

दवाखान्याजवळ खोली बघून झाली होती. वयस्क पेशंट म्हटल्यावर दोन्ही घरमालकांनी "कळवतो" म्हटलं आणि कळवलं नाही. मुलगी नॉर्वेत; ती रोज पडद्यावर येऊन रडायची आणि तिला समजावण्यात अर्धा तास जायचा. सरकारी प्रशासक नेमावा, तर त्या यादीत एकोपाचा नंबर तीनशे बारावा होता, कारण प्रशासकालाही पद मनापासून स्वीकारावं लागे, आणि सबंध खात्यात तसा एकच माणूस सापडला होता. तो गडहिंग्लजला होता.

आता हे यंत्र काय होतं ते सांगितलं पाहिजे.

पुण्यातल्या एका प्रयोगशाळेत तोतरेपणावर काम चाललं होतं. तोंडातून शब्द बाहेर पडण्याआधी घशाचे स्नायू त्याची तयारी करतात. ही तयारी इतकी बारीक असते की आवाज होत नाही, पण त्वचेवर विजेचा क्षीण ठसा उमटतो. तो टिपता टिपता त्या मंडळींना भलतंच काही दिसलं. चांगली घडाघडा बोलणारी माणसंसुद्धा ठराविक प्रश्नांना आतल्या आत अडखळत होती. "जेवूनच जाताय ना?" "एवढं सांभाळाल का?" तोंडानं ती "हो" म्हणत, पण त्याच्या पाव सेकंद आधी त्यांचा घसा 'नाही'ची संपूर्ण तयारी करून बसलेला असे. मग मेंदूला समोरच्याचा पडलेला चेहरा आधीच दिसे, आणि तयार झालेलं 'नाही' घसा अक्षरशः गिळून टाकी. शास्त्रज्ञांनी त्याला दीड ओळीचं नाव दिलं. लोक गिळलेला नकार म्हणू लागले.

मोजायचं यंत्र सोपं होतं. कंठाखाली चिकटवायची नाण्याएवढी चकती, आणि टिफिनएवढा डबा. डब्यावर शून्य ते शंभर आकडा. चाळीसपर्यंत दिवा हिरवा, त्यापुढे पिवळा. नकार गिळला एवढं त्याला कळे. कशाला नकार आणि का, ते कळत नसे.

आणि हे यंत्र सहकारात आलं ते याच एकोपामुळे. नऊ वर्षांपूर्वी सचिवपदाला तगारे उभे राहिले आणि तळमजल्यावरचे रत्नाकर कुंभोजकर उभे राहिले. तगारे पाच विरुद्ध दोन असे निवडून आले. नंतरच्या आठवड्यात त्या पाचांतल्या तगारे सोडून बाकीच्या चौघांपैकी प्रत्येकानं कुंभोजकरांना जिन्याखाली गाठून सांगितलं, "मनातून तुम्हीच होता हो. पण तगाऱ्यांची भीड पडली." दुसऱ्या कुणी हे ऐकून सोडून दिलं असतं. कुंभोजकर चौघांची नावं घेऊन सहकार न्यायालयात गेले. सात वर्षांनी निकाल लागला: भिडेचं मत हे स्वतंत्र मत नव्हे. निकालावरून नियम झाला, नियमासाठी यंत्र आलं. नऊ वर्षं तगारे आणि कुंभोजकर एकमेकांशी फक्त रजिस्टर्ड पोस्टानं बोलत होते.

नव्या नियमात एक सवलत होती. दिवा पिवळा झाला तरी एखाद्या सदस्यानं "हरकत" म्हटलं तरच निवड रद्द होई. एकोपाच्या सात जणांच्या समितीत सहा जण असे होते की ते आयुष्यात हरकत घेणार नाहीत. सातवे कुंभोजकर.

पहिल्या सभेत सर्वांनी तगाऱ्यांनाच पुन्हा सचिव करायचं ठरवलं. उमेदवाराची संमती आधी तपासतात. तगारे "हो" म्हणाले आणि डब्यावर चौऱ्याण्णव आकडा आला. "हरकत," कुंभोजकर म्हणाले.

दुसऱ्या सभेत दातांचे डॉक्टर मगदूम यांचं नाव आलं. सभा पार्किंगमध्ये होती. निवडणूक अधिकारी म्हणून खात्यातल्या नाझनीन मुजावर आल्या होत्या, तिशीच्या, पाठीला डबा, चेहऱ्यावर दिवसातली चौथी सोसायटी.

"डॉक्टरसाहेब, आपली संमती आहे?"

"म्हणजे... सगळ्यांची इच्छा असेल तर..."

"हो का नाही, एवढंच सांगा."

"हो."

अठ्ठ्याऐंशी.

"डॉक्टर, अहो श्वास सोडा जरा," तगारे काकुळतीला येऊन म्हणाले. "पुन्हा घ्या ना मॅडम एकदा. त्यांना लोकांची तोंडं उघडायला सांगायची सवय आहे, स्वतःचं उघडायची नाही."

दुसऱ्यांदा एक्क्याण्णव आला. सगळ्यांनी कुंभोजकरांकडे पाहिलं. ते डोळे मिटून बसले होते. डोळे न उघडता म्हणाले, "हरकत."

इतिवृत्तावर सदस्य म्हणून राहिलेली सही घ्यायला नाझनीनबाई सहा मजले चढून तगाऱ्यांकडे आल्या, दोन तांबे पाणी प्यायल्या आणि डब्याकडे बघून म्हणाल्या, "काका, रविवारी परत यायचंच आहे. हा इथेच राहू दे? हरवू नका तेवढा."

"ठेवा की," तगारे म्हणाले.

शुक्रवारी दुपारी तगारे गळ्याला चकती लावून आरशासमोर उभे होते. "हो. मला सचिव व्हायचं आहे." चौऱ्याण्णव. त्यांनी छाती पुढे काढली. "हो! मला मनापासून सचिव व्हायचं आहे!" सत्त्याण्णव.

पलंगावर शैलाताई हसून हसून बेजार झाल्या. "अहो, ते काय औषध आहे, घोटून अंगी लागायला? आणा इकडे. मला लावा."

सबंध इमारतीत शैलाताईंची ख्याती तोंडावर 'नाही' म्हणण्याबद्दल होती. भिशीला नाही, सहलीला नाही, कुंभोजकर आपल्या अर्जावर सही मागायला आले तेव्हा त्यांनाही, "नाही देणार, तुमचा अर्ज चूक आहे." त्यामुळे तगाऱ्यांनी चकती लावली ती मजेनंच.

"चहा घेणार?"

"हो." तीन. हिरवा.

"दिवाळीला माझ्या बहिणीला बोलवू?"

"हो, बोलवा की." एक्काहत्तर.

"बघ! तीस वर्षं मला वाटत होतं..."

"तुम्हाला बरंच काही वाटतं."

दोघं हसली. हसता हसताच तगाऱ्यांनी विचारलं, "उद्या जायचं ना दवाखान्यात?"

"हो," शैलाताई म्हणाल्या.

शहाण्णव.

डबा पिवळा होऊन राहिला. मिटायला त्याला सात-आठ सेकंद लागत. ते दोघांनीही बघत काढले.

"बिघडलाय," तगारे म्हणाले.

"नाही बिघडला."

"शैला."

"अहो, सुई टोचतात त्याचं काही नाही मला. चार तास पडून राहायचं, त्याचंही नाही." त्या गळ्यावरची चकती बोटानं चाचपत होत्या, काढत नव्हत्या. "ती खुर्ची. चौघं उचलतात आणि मी वर बसते, देव्हाऱ्यातल्यासारखी. त्या पोराची कंबर गेली. प्रत्येक मजल्यावर दारं उघडतात, सगळे विचारतात 'कसं आहे काकू?' आणि मी सांगते 'छान.' हे मी आता करणार नाही."

"पण मग... डॉक्टर म्हणाले होते, थांबवलं तर दहा-बारा दिवस..."

"मला माहीत आहे किती दिवस."

"मग रोज 'हो' का म्हणत होतीस?"

"तुम्ही पिशवी भरून दारात उभे असता म्हणून." मग नेहमीच्या आवाजात, दूधवाल्याला दूध बंद करायला सांगावं तशा म्हणाल्या, "उद्या शनिवारी जाते. मंगळवारपासून मी खुर्चीत बसणार नाही."

डब्यावर चार आला. हिरवा.

जगाला तोंडावर नाही म्हणणारी ही बाई नवऱ्यापुढे अकरा आठवडे नकार गिळत होती, आणि आता यंत्रानं तो बाहेर काढून दिला होता. तगाऱ्यांनी चकती काढली. बाहेर जाऊन त्यांनी जिन्यात उभ्या उभ्या पायऱ्या मोजल्या. एकशे सव्वीस. पूर्वी मोजल्या होत्या तेव्हाही तेवढ्याच होत्या.

शनिवारी खुर्ची खाली नेताना दुसऱ्या मजल्यावर चौगुलेबाई दारात आल्या. चौघांचा घाम बघून त्यांचं पित्त खवळलं.

"त्या कुंभोजकराला करा सचिव! कळू दे एकदा मेल्याला. नळ गळला, करा फोन त्याला. कुत्रं भुंकलं, करा फोन त्याला!"

तगारे जागच्या जागी थांबले. या इमारतीत इतकं मनापासून कोणी काही बोललेलं त्यांनी ऐकलं नव्हतं. बायकोला दवाखान्यात पोचवून ते परत आले, डबा काखोटीला मारून दुसऱ्या मजल्यावर गेले आणि म्हणाले, "चौगुलेवहिनी, सकाळचं वाक्य पुन्हा एकदा म्हणता का?"

बाईंनी म्हटलं. आकडा दोन. डॉक्टर मगदूम एक. बाकीच्या तिघांना विचारायच्या आत त्यांनी चकती ओढून घेतली. संपूर्ण समितीला कुंभोजकर सचिव म्हणून अंतःकरणापासून हवे होते.

प्रश्न कुंभोजकरांचा होता. त्यांच्या दारावर पाटी होती: 'पूर्वसूचनेशिवाय येऊ नये.' तगाऱ्यांनी बेल वाजवली. नऊ वर्षांत पहिल्यांदा.

कुंभोजकर बनियनवर होते. मागे भिंतभर फायली, मध्ये एक खुर्ची, टेबलावर अर्धी भाकरी.

"पूर्वसूचना?" ते म्हणाले.

"नाही दिली. कुंभोजकर, उद्या तुमचं नाव सुचवणार आहे. सगळे तयार आहेत. मनापासून. मी आकडे बघितलेत."

"कशासाठी तयार आहेत ते ठाऊक आहे मला. मला राबवायला."

"हो," तगारे म्हणाले.

कुंभोजकरांनी भुवई वर केली. या उत्तराची त्यांना सवय नव्हती. "मला नको ते पद. दुसऱ्यांनी केलेल्या सह्या तपासायला आवडतं मला. स्वतः करायला नाही. शिवाय मी तळमजल्यावर राहतो, मला लिफ्ट कशाला? उत्तर नाही आहे."

तगारे उभेच होते. मग त्यांनी सांगितलं. खुर्ची, शहाण्णव, मंगळवार. सांगताना त्यांचा आवाज मध्येच गेला. उरलेलं त्यांनी हातानं सांगितलं.

कुंभोजकरांनी भाकरी झाकून ठेवली. "वहिनींनी मला तोंडावर सांगितलं होतं, अर्ज चूक आहे म्हणून," ते म्हणाले. "चूकच होता. बाकी बावीस जणांनी सह्या दिल्या. हरलो." मग दार लोटता लोटता, "मांडा ठराव."

रविवारी पार्किंगमध्ये चौगुलेबाईंनी नाव सुचवलं, मगदुमांनी अनुमोदन दिलं. नाझनीनबाईंनी कुंभोजकरांच्या गळ्याला चकती लावली. शिवाप्पा गेट सोडून आत येऊन उभा राहिला.

"सर, आपली संमती आहे?"

"हो," कुंभोजकर म्हणाले.

त्रेसष्ट.

पिवळा उजेड त्यांच्या हनुवटीवर पडला. ज्या माणसानं भिडेविरुद्ध सात वर्षं खटला चालवला, त्याच्या घशातून आयुष्यातला पहिला नकार नुकताच खाली उतरला होता.

नाझनीनबाईंनी पेन उचललं आणि कागदाकडे बघत, अगदी सावकाश विचारलं, "कोणाची... हरकत?"

वरच्या टाकीतून पाणी ठिबकत होतं. चौगुलेबाई छताकडे बघत होत्या. मगदूम बुटाकडे. तगाऱ्यांनी हात जोडले होते. कोणाला, ते त्यांचं त्यांनाही ठाऊक नव्हतं.

"हरकत," कुंभोजकर म्हणाले.

तगारे उठले. नऊ वर्षं रजिस्टर्ड पोस्टात न मावलेलं सगळं त्या पार्किंगमध्ये बाहेर पडलं. "माणूस आहेस का तू? परवा मंगळवार आहे! एक शब्द गिळला तसा दुसरा गिळता आला नाही तुला? माझी बायको मरेल कुंभोजकर, तुझ्या एका शब्दासाठी मरेल, आणि तू तिच्या मर्तिकाला येशील तेव्हाही विचारशील, गणपूर्ती आहे का म्हणून!" त्यांना दम लागला. ते खांबाला धरून खाली बसले.

"त्रेसष्ट आकडा कागदावर चढलाय," कुंभोजकर शांतपणे म्हणाले, पण त्यांचे कान लाल झाले होते. "कोणी हरकत घेतली नाही तरी माझ्याच खटल्याच्या निकालानुसार त्याच्यावर केलेली सही टिकत नाही. तपासनीस महिन्याभरात पुन्हा सील ठोकेल, आणि लिफ्ट तेव्हा कुठल्या दोन मजल्यांच्या मध्ये असेल ते मी सांगू शकत नाही. आत वहिनी असतील." ते तगाऱ्यांकडे वळले. "तगारे, माझं घर घ्या."

"काय?"

"तळमजल्यावर आहे. दारापासून रिक्षा आठ पावलं. मी तुमच्याकडे वर जातो."

"ना हरकत पत्र लागेल," मगदूम सवयीनं म्हणाले. "सचिवाच्या सहीचं."

"घर बदलायला लागतं. पाहुण्याला लागत नाही. तुम्ही माझ्याकडे पाहुणे, मी तुमच्याकडे पाहुणा. उपविधीत पाहुण्यानं किती दिवस राहावं याला मर्यादा नाही. मी शोधली आहे. दोन हजार छत्तीस साली, तुमच्या मेव्हण्याविरुद्ध."

चकती अजून त्यांच्या गळ्याला होती. नाझनीनबाईंनी डबा वळवून तगाऱ्यांना दाखवला.

शून्य. यंत्र आल्यापासून एकाही सभेत नाझनीनबाईंनी शून्य पाहिलं नव्हतं. ते लिहायला कागदावर रकानाही नव्हता.

सोमवारी सामान हललं. शैलाताई शेवटच्या वेळी खुर्चीत बसल्या. थोरल्या भावाला त्यांनी हात लावू दिला नाही, त्याच्या जागी मगदूम आले. कुंभोजकरांनी फायलींचे गठ्ठे स्वतः वर नेले, एकेका मजल्यावर थांबत, आणि प्रत्येक मजल्यावर कठड्याची उंची मोजून ठेवली. लिफ्ट जिथे होती तिथेच होती. तिच्या दारावर चौथ्या सभेची नोटीस लागली; उमेदवारांच्या नावाखाली कोरी जागा होती.

मंगळवारी सकाळी रिक्षा दाराशी आली. तगारे औषधांची पिशवी भरून उभे राहिले, मग काहीतरी आठवून त्यांनी ती पाठीमागे लपवली.

"जायचं?" त्यांनी विचारलं.

डबा कालच खात्यात परत गेला होता. त्यांनी बायकोच्या गळ्याकडे पाहिलं.

"हो," शैलाताई म्हणाल्या. गळ्यात काहीही हललं नाही. त्या आठ पावलं चालल्या, मधे एकदा थांबल्या, आणि रिक्षात स्वतःच्या हातानं चढल्या.

दुपारी परत आल्यावर त्या खिडकीशी पडून रस्त्यावरच्या माणसांचे पाय बघत होत्या. अकरा आठवड्यांत त्यांना इतकं जवळून जग दिसलं नव्हतं. तगारे शेजारी बसले होते. कधी नव्हे ते त्यांचे खांदे खाली आले होते. आपण काहीतरी फार मोठं पार पाडलं आहे असं त्यांना वाटू लागलं होतं.

"अहो," शैलाताई म्हणाल्या, "माझी किसणी वर राहिली. ओट्याखालच्या खणात. आणता?"

तगाऱ्यांच्या डोळ्यांपुढे एकशे सव्वीस पायऱ्या उभ्या राहिल्या.

"हो," ते म्हणाले, आणि त्यांचा कंठमणी वर जाऊन खाली आला.

शैलाताईंनी तो नीट पाहिला.

"आणि जाताच आहात तर," त्या म्हणाल्या, "येताना तेवढं चाळणंही आणा."